दादा कोंडके : दिवाणखान्याबाहेर राहिलेला कलावंत

(गणेशोत्सवातील व्याख्यानाचं लिखित रूप)



आजचा विषय जाहीर झाला आणि मला तीन फोन आले. पहिल्या दोघांनी विचारलं, "अहो, गणपतीत बोलायला दुसरा विषय मिळाला नाही का?" तिसऱ्यांनी विचारलं, "गाणी पण दाखवणार का?" तिघंही इथे बसलेले आहेत, म्हणून नावं घेत नाही. पण या तीन फोनमध्येच आजचा विषय येऊन गेला. दादा कोंडके हे नाव ऐकलं की आपल्यापैकी अर्धे लोक अवघडतात आणि अर्ध्यांना हसू येतं. बरेचदा अवघडणारा आणि हसणारा माणूस एकच असतो.

मी राज्य सरकारच्या नोकरीतला उपयंत्री. पॉलिटेक्निकमधून डिप्लोमा केला, त्यामुळे साहित्यावर अधिकारवाणीने बोलणं माझं काम नाही. पण मे महिन्यातल्या बैठकीत एक प्रस्ताव आला होता, की पुढच्या वर्षी एका संध्याकाळी लोकनाट्य बसवावं. त्यावर बरीच चर्चा झाली. "गणपतीपुढे वग शोभत नाही, नाट्यगीतं आणि भावगीतंच ठेवू," असं काही ज्येष्ठांचं मत पडलं आणि विषय पुढे ढकलला गेला. त्या ज्येष्ठांचा मान राखून मी आज त्याच विषयाची दुसरी बाजू मांडणार आहे.

आधी एक गोष्ट बघू. एकाच माणसाने लिहायचं, अभिनय करायचा, दिग्दर्शन करायचं, पैसेही घालायचे, असे हरहुन्नरी लोक आपल्या मराठी चित्रपटात बरेच झाले. आचार्य अत्र्यांनी 'श्यामची आई'ची पटकथा लिहिली, दिग्दर्शन केलं आणि निर्मितीही केली. १९५४ साली राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार पहिल्यांदाच दिले गेले, तेव्हा त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. त्यातली आई म्हणजे वनमालाबाई, आपल्या ग्वाल्हेरच्या पवार घराण्यातल्या. हे सांगताना आपण मध्य प्रदेशातले मराठी लोक छाती जरा फुगवतो, आणि फुगवायलाच हवी. पु. ल. देशपांडे यांनी १९५३ च्या 'गुळाचा गणपती'साठी लेखन केलं, दिग्दर्शन केलं, संगीत दिलं आणि नायकाचं कामही केलं. 'सबकुछ पु. ल.' असं त्याचं वर्णन आजही होतं. बाहेरच्या जगात चार्ली चॅप्लिनचं उदाहरण आहेच. लेखन, अभिनय, दिग्दर्शन, निर्मिती आणि पुढे संगीतसुद्धा त्याने स्वतः केलं.

अत्रे, पु. ल. आणि चॅप्लिन, या तिघांची पुस्तकं किंवा फोटो आपल्या घरात सापडतील. याच रांगेत बसणारे चौथे म्हणजे दादा कोंडके. त्यांचा फोटो मात्र आपल्याकडे एकाही दिवाणखान्यात दिसणार नाही. असं का झालं, आणि त्यात आपलं काय नुकसान झालं, एवढंच आज बोलायचं आहे.

दादांचं खरं नाव कृष्णा खंडेराव कोंडके. जन्म ८ ऑगस्ट १९३२, मुंबईत नायगावला. घराणं भोरकडचं, इंगवली गावचं. घरची माणसं गिरणीत कामाला. म्हणजे परळ-लालबागची चाळ, भोंग्यावर चालणारं घड्याळ, सार्वजनिक नळ आणि दहा दिवसांचा गणपती. तरुणपणी वर्षभराच्या आत घरातली अनेक जवळची माणसं गेली. त्या धक्क्यातून सावरल्यावर लोकांना हसवायचं हेच काम त्यांनी धरलं. 'अपना बाजार'मध्ये महिना साठ रुपयांवर नोकरी केली. नोकरी सांभाळून बँडपथकात वाजवलं आणि सेवा दलाच्या कलापथकात काम केलं.

हे कलापथक म्हणजे काय ते तरुण मंडळींसाठी सांगतो. राष्ट्र सेवा दल १९४१ साली सुरू झालं. गावोगाव जाऊन लोकांना चार शहाणपणाच्या गोष्टी सांगायच्या, पण भाषण ऐकायला कोण येणार? म्हणून वग, पोवाडे, गाणी यांतून सांगायचं. निळू फुले आणि राम नगरकर याच वाटेने पुढे आले. पु. लं.नीसुद्धा 'पुढारी पाहिजे' हे लोकनाट्य लिहिलं. म्हणजे लोकनाट्य कमअस्सल, असं पु. लं.ना वाटत नव्हतं. त्याच्याही आधी गणेशोत्सवात मेळे होते. १८९३ पासून लोकमान्यांनी या उत्सवाला सार्वजनिक रूप दिलं, त्यानंतर मेळ्यांतून गाणी आणि संवाद म्हणत लोकांना हसवणं आणि जागं करणं सुरू झालं. ही परंपरा गणपतीच्या मांडवातच वाढली आहे.

आणखी एक सांगतो. तमाशाच्या मांडणीत पहिला भाग कुठला? गण. म्हणजे गणपतीचं स्तवन. त्यानंतर गवळण, बतावणी आणि शेवटी वग. ज्या खेळाची सुरुवातच गणपतीला नमन करून होते, तो खेळ गणपतीपुढे शोभत नाही असं आपण म्हणतो. याचा थोडा विचार करायला हवा.

पुढे दादांनी वसंत सबनीस यांच्याकडून लोकनाट्य घेतलं. मूळ नाव 'छपरी पलंगाचा वग', पुढे ते 'विच्छा माझी पुरी करा' म्हणून गाजलं. गोष्ट ऐका, विशेषतः सरकारी नोकरीतल्यांनी कान देऊन ऐका. राज्यातला कोतवाल मरतो आणि जागा रिकामी होते. इमानाने चाकरी केलेल्या हवालदाराला वाटतं, आता बढती आपलीच. पण प्रधानाला त्या जागेवर आपला मेव्हणा बसवायचा असतो. राजा तर असा, की त्याला राज्याचं काहीच पडलेलं नाही. बाकीचा धुमाकूळ सांगत नाही, पण एवढ्यावरूनच पदोन्नती समितीची वाट बघत बसलेल्या आपल्या बांधवांना हसावं की रडावं ते कळणार नाही.

दादा त्यात हवालदार होते. वगात ठरलेलं लिखाण असतं, पण वगातला नट त्या दिवशीचं वर्तमानपत्र वाचून उभा राहतो. आज मंत्र्याने काय म्हटलं, साखरेचा भाव काय झाला, समोर कोण पाहुणे बसलेत, हे सगळं त्याच रात्रीच्या संवादात यावं लागतं. दादांचं लेखन इथे घडलं. ते टेबलापाशी बसून तयार झालेले लेखक नव्हते. समोर माणसं बसली आहेत, कुठल्या शब्दाला हसली, कुठे गप्प झाली, हे शेकडो प्रयोगांत कानाने मोजलेलं. या प्रयोगांची संख्या हजाराच्या वर गेली. हजार वेळा तपासलेला संवाद फसत नाही, हे आमच्या बांधकामातल्या माणसालाही समजतं.

आता आपल्या भोपाळशी याचा संबंध सांगतो. हेच 'विच्छा' हिंदीत 'सैंया भये कोतवाल' या नावाने गेलं आणि हिंदी रंगभूमीवरचं एक अतिशय आवडतं नाटक झालं. आपल्या ओळखीच्या हिंदी रंगकर्मींना विचारा, ते नाटक त्यांना ठाऊक असतं. ते मूळ मराठी आहे हे त्यांना आपण सांगत नाही, कारण ते आपल्याच लक्षात नसतं. दुसरं उदाहरण हबीब तनवीर साहेबांचं. छत्तीसगडचे नाचा कलाकार घेऊन त्यांनी १९७५ साली 'चरणदास चोर' उभं केलं. १९८२ साली त्याला एडिंबराच्या महोत्सवात फ्रिंज फर्स्ट पुरस्कार मिळाला. तनवीर साहेबांचं निधन २००९ साली आपल्या भोपाळातच झालं. त्यांच्या नाटकाला आपण भारत भवनात इस्त्रीचे कपडे घालून जातो. त्यात शिव्या असतात, चावट बोलणं असतं, आणि आपण त्याला 'मातीचा वास' म्हणतो. मग आपल्या मातीच्या वासालाच रुमाल का?

असो. 'विच्छा'चा प्रयोग आशा भोसले यांनी पाहिला आणि दादांचं नाव भालजी पेंढारकरांना सुचवलं. त्यातून १९६९ चा 'तांबडी माती' आला. त्या वर्षी मराठीतल्या उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. नव्या नटाला याहून चांगली सुरुवात कुठली? दुसरा कोणी असता तर पुढचं बोलावणं येईपर्यंत वाट बघत बसला असता. दादांनी तसं केलं नाही. त्यांनी स्वतःच निर्माता व्हायचं ठरवलं. १९७१ साली 'सोंगाड्या' आला. लेखन वसंत सबनीसांचं, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णींचं, निर्मिती आणि नायक दादा. आईचा लाडका, भोळा नाम्या तमाशाच्या नादाला लागतो, आई घराबाहेर काढते आणि गोष्ट सुरू होते. ढगळ अर्धी विजार, तिची लोंबणारी नाडी आणि 'आये' ही हाक तेव्हापासून महाराष्ट्राच्या घराघरात गेली. उषा चव्हाण, निळू फुले आणि आईच्या भूमिकेत रत्नमाला. यातली बरीच माणसं पुढे दादांच्या चित्रपटांत पुन्हा पुन्हा दिसत राहिली.

निर्माता होणं म्हणजे काय, हे मी माझ्या कामाच्या भाषेत सांगतो. आमच्याकडे एका इमारतीत नकाशा काढणारा एक, मोजमाप घेणारा दुसरा, ठेकेदार तिसरा आणि बिल पास करणारा चौथा. भिंतीला तडा गेला की चौघंही दुसऱ्याकडे बोट दाखवतात. दादांनी चारही कामं आपल्याकडे घेतली. चित्रपट पडला तर बोट दाखवायला कोणी नव्हतं. बँडवाल्या, महिना साठ रुपयांवर काम केलेल्या माणसाने ही जोखीम उचलली, याचं मोल नोकरीवाल्या माणसाला जास्त कळतं.

जोखीम लगेच अंगावर आलीही. दादरच्या कोहिनूर थिएटरमध्ये 'सोंगाड्या' लागायचा होता. पण थिएटरवाल्यांनी देव आनंदचा 'तेरे मेरे सपने' लावायचं ठरवलं. मुंबईत मराठी चित्रपटाला मराठी वस्तीतलं थिएटर मिळेना. दादा बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे गेले, शिवसैनिक थिएटरवर पोचले आणि 'सोंगाड्या' लागला. त्या पद्धतीबद्दल कोणाचं काही मत असो, मुद्दा असा की चित्रपट तयार करून भागत नाही, तो लोकांसमोर लागावा लागतो. थिएटर मिळाल्यावर मात्र पुढचं काम लोकांनीच केलं. 'सोंगाड्या'चा रौप्यमहोत्सव झाला.

रौप्यमहोत्सव म्हणजे सलग पंचवीस आठवडे. आज शुक्रवारी लागलेला चित्रपट पुढच्या शुक्रवारी राहील का याची शाश्वती नसते. तेव्हा दादांचे एकामागून एक नऊ चित्रपट पंचवीस आठवडे चालले, आणि त्याची गिनीज बुकात नोंद झाल्याचं सांगितलं जातं. 'एकटा जीव सदाशिव' १९७२ चा, 'आंधळा मारतो डोळा' १९७३ चा, 'पांडू हवालदार' १९७५ चा, 'तुमचं आमचं जमलं' १९७६ चा, 'राम राम गंगाराम' १९७७ चा, 'बोट लावीन तिथं गुदगुल्या' १९७८ चा. जवळजवळ दरवर्षी एक. 'पांडू हवालदार'पासून दिग्दर्शनही दादांकडे आलं. गाणी ते लिहीतच होते. त्यांच्या एका जुन्या गाण्याचं नवं रूप २०१९ साली 'ड्रीम गर्ल' या हिंदी चित्रपटासाठी केलं गेलं, आणि आपल्या घरच्या मुलांनी ते लग्नात नाचूनही दाखवलं.

हरहुन्नरी माणूस फक्त स्वतःच पुढे गेला तर त्याचं कौतुक अर्धंच. दादांनी माणसं उभी केली. 'पांडू हवालदार'मधून अशोक सराफ घराघरात ओळखीचे झाले. त्याच चित्रपटाला संगीत द्यायला त्यांनी सुरेंद्र आणि विजय पाटील ही जोडी घेतली आणि तिला नाव दिलं राम-लक्ष्मण. विजय पाटील आपल्या शेजारच्या नागपूरचे. जोडीतले 'राम', म्हणजे सुरेंद्र, लवकरच गेले. पण विजय पाटलांनी नाव बदललं नाही. एकट्याने काम करत राहिले तरी संगीत 'राम-लक्ष्मण' यांचंच राहिलं. १९८९ चा 'मैंने प्यार किया' आणि १९९४ चा 'हम आपके हैं कौन' यांची गाणी आठवा. या मांडवातल्या कितीतरी लग्नांच्या वराती त्यावर निघाल्या आहेत. त्या संगीताचा उगम दादांच्या अर्ध्या विजारीपाशी आहे, हे सांगितल्याशिवाय कोणाला खरं वाटणार नाही.

आता अवघड मुद्द्याकडे येतो, म्हणजे द्व्यर्थाकडे. मी इथे झाकपाक करणार नाही. दादांचे संवाद दोन अर्थांचे होते, नावंसुद्धा. सेन्सॉरशी त्यांचे खटके उडत राहिले. पण त्यांची युक्ती पाहा. पडद्यावरचा माणूस भोळा आहे. तो जे बोलतो त्याचा सरळ अर्थ अगदी निर्मळ आहे. दुसरा अर्थ लागतो तो ऐकणाऱ्याच्या डोक्यात. दादा भाबडा चेहरा करून उभे असतात आणि आपण पकडले जातो. आपण शेजाऱ्याकडे बघतो, तोही पकडला गेलेला असतो. त्या अवघडण्याचं कारण पडद्यावर शोधून सापडत नाही.

याचा अर्थ सगळं चांगलंच होतं असंही नाही. माझ्या मते, ऐंशीच्या दशकात पुढे पुढे तोच तो साचा आला. सुरुवातीच्या चित्रपटांत गंमत भोळ्या माणसाची होती, शहाण्या जगाची होती. नंतर ती बरेचदा बाईच्या अंगावर येऊन थांबू लागली. तेव्हा आपल्या आया-बहिणींनी पाठ फिरवली असेल तर त्यांना दोष देता येणार नाही. १९८४ च्या 'तेरे मेरे बीच में'पासून हिंदी चित्रपटही आले. ते पाहताना मला जाणवतं की शब्द हिंदीत गेले, पण त्यामागचं गाव गेलं नाही. मराठीत जो शब्द शेतातून, पाणवठ्यावरून, जात्यावरून येतो, त्याचे दोन अर्थ जन्मतःच असतात. हिंदीत तो नुसता चावट उरला.

इथेच मला आजचं मुख्य म्हणणं सांगायचं आहे. द्व्यर्थी विनोद कळायला भाषा कानात मुरलेली असावी लागते. १९५६ मध्ये हेवी इलेक्ट्रिकल्स उभं राहू लागलं आणि गोविंदपुऱ्याच्या या माळावर आपली वडीलधारी माणसं आली. कोणी विदर्भातून, कोणी खानदेशातून, कोणी इंदूर-ग्वाल्हेरहून. कारखान्यात हिंदी-इंग्रजी आणि घरात आपापली मराठी. वऱ्हाडी वेगळी, अहिराणी वेगळी. त्या पिढीला दादांचा विनोद अर्ध्या सेकंदात कळायचा, मग कोणी हसायचं आणि कोणी "चला, बंद करा ते" म्हणायचं. बंद करा म्हणायलासुद्धा आधी कळावं लागतं ना?

आज आपली तिसरी पिढी मराठी समजते. आरती पाठ आहे, अथर्वशीर्ष म्हणते, वक्तृत्व स्पर्धेत बक्षीसही घेते. आपण खूश होतो. पण त्यांना मराठीत हसू येतं का? शाळेत, मित्रांत, मोबाईलवर ती हिंदीत हसतात. ज्या भाषेत मूल फक्त नमस्कार करतं आणि बक्षीस घेतं, ती भाषा हळूहळू सोवळ्यातली होते. सणाला काढायची आणि नंतर कपाटात ठेवायची. आपल्या दिवाणखान्याने मराठीतलं फक्त शुद्ध, गंभीर आणि गोड तेवढं ठेवलं. खट्याळ, रांगडं, वरच्या माणसाची टोपी उडवणारं ते बाहेर ठेवलं. त्याच्याबरोबर निम्मी मराठीही बाहेर राहिली, असं मला वाटतं.

दादांचं निधन १४ मार्च १९९८ रोजी मुंबईत झालं. 'एकटा जीव' या नावाने त्यांचं आत्मकथन अनिता पाध्ये यांनी शब्दबद्ध केलं आहे. ज्यांना चित्रपट पाहायचे नाहीत, त्यांनी ते जरूर वाचावं. लाखोंना हसवणारा माणूस किती एकटा होता, ते त्यात दिसतं.

आता माझी विनंती. दादांचे चित्रपट मांडवात पडद्यावर लावा, असं मी म्हणत नाही. सगळं सगळ्यांसाठी नसतं, आणि समोर लहान मुलं आहेत. पण पुढच्या वर्षी एक संध्याकाळ लोकनाट्याची ठेवूया. गण, गवळण, बतावणी आणि छोटा वग. संवाद आपणच लिहू, विषय आपल्याच भोपाळचे घेऊ. मेट्रोचं काम आहे, नळाची वेळ आहे, बदली आहे, पदोन्नती आहे. मजकूर ज्येष्ठांच्या समितीकडून आधी तपासून घेऊ. ज्या ओळीवर आक्षेप येईल ती काढू. मात्र आक्षेप घेताना ज्येष्ठांनी ती ओळ नातवंडांना समजावून सांगायची, एवढी एक अट. तेवढ्यावर त्यांची मराठी वर्षभर पुरेल.

हवालदाराच्या भूमिकेसाठी आतापासूनच नावं घेणं सुरू करा. सरकारी कर्मचाऱ्यांना प्राधान्य, कारण त्यांना अभिनय करावा लागणार नाही.

आपण शांतपणे ऐकून घेतलंत, काही जण मनापासून हसलात, काहींनी हसू दाबलं तेही मला इथून दिसलं. गणपती बाप्पा मोरया!